मामाच्या विहिरीचं पाणी

आमच्या आबांचा, म्हणजे माझ्या वडिलांचा, एकाच गोष्टीवर विश्वास होता, जमिनीखालच्या पाण्यावर. जमिनीच्या वर जे काही चालतं-बोलतं त्या सगळ्याचा त्यांना संशय. वाण्याच्या तराजूचा संशय, टपाल आणणाऱ्याचा संशय, पाव्हणा दोनदा हसून बोलला तर ‘ह्याला पायजे तरी काय?’ म्हणून त्याचाही संशय. मी त्यांचीच लेक. आता सोलापुरात शुक्रवार पेठेत म्हातारी होऊन बसलेय, तरी भाजीवालीनं न मागता जास्तीची कोथिंबीर दिली की मी जुडी उलटीपालटी करून बघते. सुना तोंडाला पदर लावून हसतात. हसू देत बापड्या.

माळशिरस तालुक्यात, माळावर आमचं गाव. थोडी कोरडवाहू जमीन, चार शेरडंमेंढरं, आणि आबांची विद्या. आबा पाणाड्या होते. कुणाला विहीर खणायची असली की तो आबांना घेऊन जायचा. आबा अनवाणी, अनशापोटी शेतात शिरायचे. तळहातावर नारळ आडवा ठेवून सावकाश चालायचे. नारळ हातावर उभा राहायला लागला की थांबायचे, गुडघ्यावर बसून माती हुंगायचे, जवळपास वारूळ आहे का, उंबर आहे का ते बघायचे, आणि मग टाच आपटून म्हणायचे, “हितं.” पैसे घ्यायचे नाहीत. नारळ घरी आणायचे आणि एक उपरणं घ्यायचे, बस्स.

पण त्यांचा एक नेम होता, त्यांच्या वडिलांपासून चालत आलेला. ज्याच्या शेतात जागा दाखवली, त्याच्या घरचं पाणी विहिरीला पाणी लागेपर्यंत प्यायचं नाही. त्यांनी नाही आणि आमच्या घरातल्या कुणीच नाही. “ज्याला आपन अजून पानी दिलं न्हाय, त्याचं पानी घशाखाली कसं उतरंल?” असं आबा विचारायचे. विहिरीला पाणी लागलं की आबा आत उतरून पहिलं पाणी ओंजळीनं प्यायचे. तेवढ्यानं नेम सुटायचा. बहुतेक वेळा खणायला सुरुवात झाली की महिन्या-दीड महिन्यात सुटायचा, त्यामुळे कुणाला त्याची अडचण झाली नाही.

अडचण झाली ती मामाच्या विहिरीची.

आईचं माहेर आमच्या खालच्या अंगाला, काळ्या रानात. बैलगाडीनं सकाळी निघालं की ऊन चढायच्या आत पोचायचं. तिथं माझी आजी, मामा आणि मामी. मामा आईहून धाकटा, तिचा फार लाडका. मी अगदी लहान असताना त्यानं आबांना बोलावून जागा दाखवून घेतली. आबांनी टाच आपटली. मामानं बैलजोडी विकून विहीर धरली. माती लागली, मुरूम लागला, मग काळा पाषाण लागला. सुरुंग लावले. पाषाणाखाली पाषाण. पाण्याचा टिपूस नाही.

एवढ्यावर थांबलं असतं तरी एक वेळ ठीक होतं. आबांची जागा चुकली असं लोक म्हणाले असते आणि विसरून गेले असते. पण मामाच्या बांधाला लागून ज्याचं रान होतं, त्या शेजाऱ्यानं पुढच्याच वर्षी विहीर धरली आणि त्याला पाणी लागलं. तेही कसं, मोटेला दिवसभर पुरेल असं! आणि कुणीतरी मामाच्या कानात घातलं, की विहीर धरायच्या आधी तुझा दाजी त्या शेजाऱ्याच्या ओसरीवर बसून चहा पीत होता.

झालं. मामाच्या मनात पाल चुकचुकली. ‘दाजीनं झरा इकला,’ असं तो चारचौघांत बोलून बसला. खरी जागा शेजाऱ्याला दिली आणि मला पाषाण दिला, मेव्हणा असून.

आबा त्या ओसरीवर बसले होते, हे खरं. शेळी बघायला गेले होते. शेळी काही घेतली नाही, कारण त्यांना तिच्या दाताचा संशय आला. आबांनी झरा विकला नाही, हे मी आजही शपथेवर सांगेन. पण शपथेवर सांगावं लागतं ना, तेच वाईट. आईनंसुद्धा एकदा त्यांना विचारलं होतं, चुलीपुढं, पाठ करून. आबा ताटावरून उठून गेले होते.

आता दोन्ही बाजूंनी दार लागलं. आबांचा नेम, की विहिरीला पाणी नाही तोवर त्या घरचं पाणी नाही. आणि मामाचा निरोप, की “दाजीला म्हनावं, आदी माझ्या हिरीला पानी दाव, मंग भनीला धाड.” मधे माझी आई. तिच्या आईच्या घरी जायचं आणि तांब्याभर पाणी प्यायचं नाही, असं माहेरी कोण जाईल? त्यापेक्षा न गेलेलं बरं, असं ती म्हणायची. भाऊबीजेला मामा यायचा थांबला. दरसाली संध्याकाळी आई अंगणात पाट मांडून आकाशातल्या चंद्राला ओवाळायची. ज्यांना भाऊ नसतो त्या बायका तसं करतात. हिला भाऊ होता, बैलगाडीच्या अंतरावर होता. मला त्या मामाचा असा राग यायचा, की काय सांगू.

“तुमी नेम मोडा,” आई आबांना म्हणायची. “एकदा मोडा. माजी आई म्हातारी झाली.”

“मोडला तर सगळी म्हनतील, बगा, चोर हुता म्हनून वाकला,” आबा म्हणायचे. “मी वाकनार न्हाय.”

अशा दिवसांत धरणाची गडबड सुरू झाली.

धरण आमच्या इथं नव्हतंच. वर घाटात, नीरेच्या पाण्याला अडवून, सरकारनं बांधलं होतं, असं आम्ही ऐकत होतो. पण त्याचा कालवा आमच्या माळाच्या पायथ्यानं जाणार होता. एके दिवशी टोपीवाले साहेब आले. तीन पायांची दुर्बीण लावली, तांबडीपांढरी काठी उभी केली आणि रानात खुंट्या मारत सुटले. आबा बांधावर उकिडवे बसून दिवसभर त्यांना बघत राहिले. त्यांचं म्हणणं असं, की हा माणूस एका डोळ्यानं बघतोय, माती हुंगत नाही, पायात बूट आहेत, आणि हा म्हणतो मी पाणी आणणार. ह्याच्यामागं काहीतरी आहे. जमिनी घ्यायच्या आहेत. पाण्याचं नाव पुढं करायचं आणि जमिनी गिळायच्या.

नुसते आबाच नाहीत, सगळा गावच कान टवकारून होता. काय काय उठायचं! धरणाच्या पोटात आख्खी गावं बुडवलीत, देवळं बुडाली, मसणवाटे बुडाले, तेच पाणी खाली सोडणार. पाण्यातनं वीज काढून घेणार आणि उरलेलं आपल्याला देणार. ह्या विजेच्या गोष्टीनं आबा फारच बिथरले. “वीज काढल्यावर पान्यात ऱ्हातं काय? चोथा! त्या पान्यानं पीक तरी यील व्हय?”

“लोनी काढल्यावर ताक ऱ्हातंच की,” आई भाकरी थापता थापता म्हणाली. “रोज भुरकताय न्हवं?”

आबा बाहेर जाऊन मेंढरांवर ओरडले.

त्यात आणखी एक मेख होती. पाणी उताराला जाणार. कालव्याच्या खालच्या अंगाला जेवढं रान, तेवढं भिजणार. वरच्या अंगाला आमचा माळ, त्याला थेंब नाही. म्हणजे पाणी आमच्या डोळ्यांदेखत जाणार आणि मिळणार कुणाला, तर खालच्यांना, मामाच्या गावाला. गावातल्या एकाला तर हे मामानंच घडवून आणलं असं वाटायचं. मामाला कलेक्टरकडं कोण बसवून घेतोय! पण संशयाला कुठं डोकं असतं.

कालवा खणून झाला, आणि एकदा दुपारी पाणी आलंच. पिवळं, फेसाळ, पुढं काटक्या न् पालापाचोळा ढकलत. बायकांनी हळदकुंकू वाहिलं. पुरुष लांब उभे. आबांनी आमची सगळ्यांत म्हातारी मेंढी नेऊन तिला पाणी पाजलं आणि दिवस मावळेपर्यंत तिच्यासमोर बसून राहिले. मेंढीला काही झालं नाही. सकाळी उठून ती चरायला गेली. “मेंढीचं काय खरं न्हाय,” आबा म्हणाले, “तिला काय कळतंय.” आणि आमच्या घरी कुणी कालव्याच्या पाण्याला शिवायचं नाही, असं ठरवून टाकलं. मढ्यांचं पाणी ते!

आईचं लक्ष पाण्याकडं नव्हतंच. कालव्याच्या कडेनं सरकारनं चांगला रस्ता केला होता, आणि तो रस्ता सरळ तिच्या माहेराकडं जात होता. पूर्वी ओढा, काटवण, चढउतार होते. आता नाकासमोर चालत राहिलं की माहेर. शेरडं घेऊन गेली की ती त्या रस्त्यावर उभी राहायची. मी विचारलं, काय बघतेस? म्हणायची, कुठं काय, शेळी बघतेय. शेळी दुसऱ्याच बाजूला असायची.

मग आजी गेली.

निरोप धड आलाही नाही. बाजारातून परत आलेल्या एका माणसानं सहज सांगितलं, की तुमच्या खालच्या गावची म्हातारी गेली की, माती होऊन दोन दिवस झाले. आई सूप घेऊन जोंधळे पाखडत होती. तिनं सूप खाली ठेवलं. रडली नाही. आबांकडं बघत राहिली, आणि आबा जमिनीकडं. “मला सांगितलं बी न्हाय,” एवढंच म्हणाली.

दहाव्याला मात्र ती गेली. आबा गेले नाहीत. मी तिच्याबरोबर गेले. उन्हाळ्याचे दिवस, जमीन नुसती भाजत होती. माहेरच्या अंगणात आई बसली, बायकांच्या गळ्यात पडून काय रडायचं ते रडली. मामीनं तांब्या आणून तिच्यापुढं ठेवला. आईनं तो हातानं बाजूला सरकवला. सगळ्या बायका बघत होत्या. मामा दारात उभा होता, त्यानंही बघितलं. त्याची मान खाली गेली. पण एक शब्द बोलला असेल तर शपथ! मला वाटत होतं, आई, पी गं, मेला तो नेम, पी. मलाही तहान लागली होती आणि मीही प्याले नाही.

परत येताना कालव्याच्या कडेनं चालत होतो. आईचे ओठ पांढरे पडले होते. अर्ध्या वाटेत ती एकदम थांबली, कालव्यात उतरली, पदर खोचला आणि ओंजळीनं पाणी प्यायली. पोटभर प्यायली. आमच्या घरातलं त्या पाण्याला तोंड लावणारं पहिलं माणूस ती. मग तोंड पुसून मला म्हणाली, “ये. पी. आपल्या आईच्या घरापेक्षा हे सरकार बरं.” मी प्याले. कसं लागलं म्हणाल तर पाण्यासारखं लागलं.

घरी आल्यावर तिनं आबांना सांगितलंही. मी मढ्यांचं पाणी प्याले म्हणून. त्यानंतर बरेच दिवस ती आबांशी कामापुरतंच बोलायची, आणि आबांना ते कळत होतं. माणूस संशयी होता, दगड नव्हता.

वर्ष सरलं. हरभरा घाट्यावर आला होता, तेव्हा मामाची गाडी आमच्या दारात उभी राहिली. मामा उतरला. डोक्याला फेटा, हातात नारळ, गाडीत एक नवा फेटा न् हिरवं लुगडं. आबा अंगणात दोर वळत होते. त्यांनी दोर सोडला नाही.

“दाजी,” मामा म्हणाला, “हिरीला पानी लागलं.”

आबांनी डोळे बारीक केले. “कोनच्या हिरीला?”

“आपल्याच की. तुमी दावलेल्या. खाली पाषान फुटला आसंल, काय झालं देव जाने. दोन पुरुस खोल पानी हुबं हाय. तुमचं खरं झालं. माजं तोंड चुकलं, दाजी.” आणि तो आबांच्या पायांवर वाकला.

आई दारात उभी होती. तिनं चौकट धरली. मला वाटलं, आता आबा हसतील. कुठलं काय! आबा मामाकडं असे बघत होते, की हा नवीन काय डाव घेऊन आलाय. इतक्या वर्षांनी? पावसाळा संपल्यावर? पाषाण आपोआप फुटला? पण आई तोवर आत जाऊन दुसरं लुगडं नेसून आली होती, आणि तिनं कुणाला न विचारता गाडीत बसूनही घेतलं. मग आबांना बसावंच लागलं.

कालवा काठोकाठ वाहत होता. खालच्या अंगाला ऊस उभा राहिलेला, जिथं तिथं हिरवं. आबा वाटेतल्या प्रत्येक विहिरीत गाडीतूनच मान लांब करून डोकावत होते. ज्या विहिरींना मी लहानपणापासून कोरड्या म्हणून ऐकत आले, त्याही भरलेल्या. मामा बैलांना उगीच हाकत होता आणि पावसापाण्याच्या गप्पा मारत होता. फार गप्पा मारत होता. मला तेव्हाच काहीतरी खटकलं.

विहिरीवर भावकी जमली होती. तो शेजारीही आला होता, लांब उभा. आबांनी पायातलं काढलं आणि पायऱ्या उतरायला लागले. मी काठावर ओणवी झाले होते, मला सगळं दिसत होतं. पाणी चांगलं खोल, निळसर. आबांनी आधी तळाकडं बघितलं. मग त्यांनी मान वर केली आणि भिंतीकडं बघितलं. कालव्याच्या बाजूची भिंत वरपर्यंत ओली होती. पिवळ्या मुरमाच्या थरातून पाणी पाझरत खाली येत होतं. बाकीच्या तिन्ही भिंती कोरड्या.

आबांनी आयुष्यभर पाणी बघितलं होतं. झरा तळातून येतो, हे ते मला मी चालायला लागल्यापासून सांगत आले होते. हे पाणी झऱ्याचं नव्हतं. कालवा काठोकाठ वाहत होता आणि मुरमातून झिरपून मामाच्या विहिरीत येत होता. धरणाचं पाणी. चोथा. मढ्यांचं.

त्यांनी वर मामाकडं बघितलं. मामा आभाळाकडं बघत होता, जणू तिथं काही लिहिलंय. आबांच्या जबड्याची हाडं हलली. मला वाटलं, आता संपलं. आता हा माणूस बोलणार, की हे माजं पानी न्हाय, आणि तसाच वर येणार. त्यांचा स्वभावच तसा. मरेन पण खोट्याला खरं म्हणणार नाही.

मग त्यांची नजर आईवर गेली. आई विहिरीकडं बघतच नव्हती. तिनं विहिरीकडं पाठ केली होती आणि ती शेतापलीकडच्या तिच्या घराकडं बघत उभी होती, हातात ते हिरवं लुगडं घट्ट धरून, जत्रेला निघालेली पोर आईबाप चपला घालेपर्यंत थांबते तशी.

आबा वाकले. त्यांनी ओंजळ भरली आणि पाणी प्याले. दुसरी भरली, तीही प्याले.

“माजंच हाय,” ते म्हणाले. “गोड हाय.”

“तर काय!” मामा वरून म्हणाला, आणि लोकांनी नारळ फोडला.

त्या दिवशी आई माहेरी किती पाणी प्याली! जेवताना प्याली, जेवल्यावर प्याली, निघताना मामीकडनं मुद्दाम मागून घेऊन प्याली. मामाला तिनं पोटाशी धरलं आणि दोघं रडली. मलाही रडू आलं, पण माझ्या डोक्यातून ती ओली भिंत जाईना. घरी आल्यावर मी आबांना गाठलं आणि विचारलं, “आबा, पानी वरच्या अंगानं येत हुतं न्हवं?”

“तुला काय कळतंय? गप बस,” आबा म्हणाले. इतक्या हळू आवाजात ते मला कधीच गप बस म्हणाले नव्हते.

पुढचे दिवस फार चांगले गेले. आई कारण नसताना माहेरी जायची. वांगी आलीत म्हणून जा, मामीचं डोकं दुखतंय म्हणून जा. दिवाळीला मामा आला, आईनं त्याला ओवाळलं. आबा आणि मामा एका कांबळ्यावर बसून तंबाखू चोळायला लागले. फक्त विहिरीचं नाव निघालं की दोघंही एकदम बैलांबद्दल बोलायला लागायचे.

मग माझं लग्न ठरलं, सोलापूरच्या गिरणीतल्या मुलाशी. मामानं केळवणाला बोलावलं. उन्हाचा कडाका होता. कालव्याच्या दुरुस्तीसाठी पाणी वरूनच बंद केलं होतं, कालव्याच्या तळाला भेगा पडल्या होत्या आणि पोरं तिथं विटीदांडू खेळत होती. आम्ही गाडीतून ते बघत गेलो. आई खुशीत होती. माझ्या आईच्या घरचं पाणी आता माझ्या लेकीच्या केळवणाला मिळतंय, असं काहीतरी म्हणत होती.

पोचल्यावर तिनं हातपाय धुतले आणि मामीच्या हातातली घागर घेतली. “आज पानी मी आनते,” म्हणाली. एरवी ती माहेरवाशीण म्हणून मामीच पाणी आणायची. आम्ही तिघी विहिरीवर गेलो. आईनं कौतुकानं आत डोकावलं.

तळाला गुडघाभर डबकं होतं, त्यावर हिरवं शेवाळ. भिंतीवर पाणी जिथवर उभं असायचं तिथवर पांढुरकी रेघ उमटली होती. कालव्याकडची भिंत उन्हानं वाळून खडखडीत झाली होती.

“अगं बया! हे काय झालं?” आई म्हणाली.

“क्यानल बंद हाय न्हवं, वन्सं,” मामी पोहऱ्याला दोर बांधत सहज बोलली. “क्यानल सुटला की येतं, बंद झाला की जातं. पयल्यापासनं असंच की. तुमाला ठावं न्हाय व्हय?”

मी मामीला चिमटा काढायला हात पुढं केला, पण बोलून झालं होतं. तेवढ्यात मागून आबा आणि मामा आले. आईला काठावर बघून दोघांच्याही चेहऱ्यावरचं रक्त उतरलं. मामानं आधी सावरलं.

“आक्का, उन्हाळ्यात झरा निजतो कवाकवा,” तो म्हणाला.

“निजतोच,” आबा लगेच म्हणाले. “जातिवंत झऱ्याचं लक्षनच हाय त्ये.”

जन्मभर एकमेकांचा संशय धरलेली ही दोन माणसं, खांद्याला खांदा लावून, तोंडं पाडून, एकच थाप मारत उभी होती. मला भरून आलं. आईसाठीच मारत होती ना ती! मला वाटलं, आता आई हसेल. कपाळावर हात मारून घेईल आणि हसेल, आणि आम्ही सगळे जेवायला जाऊ.

आईनं घागर खाली ठेवली.

“तुला ठावं हुतं?” तिनं मामाला विचारलं.

मामा मामीच्या हातातला दोर घेऊन उगीच गुंडाळायला लागला.

“आनि तुमाला? पितानाच कळलं?”

आबांनी मान हलवली, पण व्हय म्हणून की न्हाय म्हणून ते कळलं नाही.

“म्हंजे तुमा दोगांना बी येत हुतं खोटं बोलायला,” आई म्हणाली. तिचा आवाज चढला नव्हता. “मंग आई जित्ती हुती तवा का न्हाय बोललासा? तवा जीभ झडली हुती व्हय? त्येला धरान कशाला पायजे हुतं रं? ह्या हिरीत वरनं एक घागर वतायची हुती, आनि खाली हुबं ऱ्हाऊन ह्यांनी ती प्यायची हुती. एक घागर! मी आनली असती की, डोक्यावरनं, माळावरनं हितपत्तोर.”